आरोपीच्या पिंजऱ्यातला कादंबरीकार

‘फिर सुबह होगी’ हा राज कपूर आणि माला सिन्हा यांचा १९५८ सालचा चित्रपट. साहिरची गीतं आणि खय्यामचं संगीत यांमुळे तो आजही अनेकांच्या आठवणीत आहे. पण त्याची कथा एका रशियन कादंबरीवर बेतलेली होती, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. ती कादंबरी म्हणजे ‘क्राइम अँड पनिशमेंट’ आणि तिचा लेखक फ्योदोर दोस्तोव्हस्की. पुढे २००७ साली आलेला संजय लीला भन्साळींचा ‘सावरिया’ हाही त्याच्याच ‘व्हाइट नाइट्स’ या कथेवरून घेतलेला. म्हणजे दोस्तोव्हस्कीचं एकही पान न वाचलेल्या माणसापर्यंतसुद्धा तो आपल्याकडे असा आडवाटेनं पोचलेला आहे.

आज मला त्याच्या कथानकांविषयी बोलायचं नाही. बोलायचं आहे ते त्याच्यावरून झालेल्या भांडणाविषयी. हे भांडण १८४६ साली सुरू झालं आणि अजून मिटलेलं नाही. जगातल्या थोर कादंबरीकारांची यादी करायला बसलं, तर पहिल्या पाचांत त्याचं नाव घालणारे समीक्षक पुष्कळ सापडतात. आणि हा मुळात चांगला लेखकच नव्हे, असं ठासून सांगणारेही सापडतात. तेही सामान्य नाहीत, त्यांत तुर्गेनेव्ह आहे, कॉनरॅड आहे, नाबोकॉव्ह आहे.

त्याच्यावरचे आरोप दोन. पहिला शैलीचा : लेखन पाल्हाळीक आहे, घाईत केलेलं आहे, पात्रं बोलत नाहीत तर किंचाळतात, पानापानावर कुणाला तरी झटका येतो नाहीतर कुणी तरी पाया पडतं. ‘एकदम’ या अर्थाचा रशियन शब्द ‘क्राइम अँड पनिशमेंट’मध्ये शेकडो वेळा येतो. दुसरा आरोप जीवनदृष्टीचा : हा प्रतिगामी आहे, झारचा आणि चर्चचा पाठीराखा आहे, परक्यांचा द्वेष करतो, दुःखाचं देव्हारं माजवतो. हे दोन आरोप वरवर पाहता वेगळे दिसतात. पण या वादाचा इतिहास पाहिला, की ते एकमेकांत किती गुंतलेले आहेत ते कळतं.

सुरुवात मात्र कौतुकानंच झाली. मे १८४५मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, दोस्तोव्हस्कीनं ‘पुअर फोक’ ही पहिली कादंबरी लिहून संपवली. त्याच्याबरोबर राहणारा ग्रिगोरोविच ते बाड घेऊन कवी नेक्रासॉव्हकडे गेला. दोघांनी रात्रभर जागून ते वाचलं आणि पहाटे चार वाजता लेखकाला मिठी मारायला घरी येऊन थडकले. दुसऱ्या दिवशी नेक्रासॉव्हनं ते बाड बेलिन्स्कीकडे नेलं. बेलिन्स्की हा त्या काळातला रशियाचा सर्वांत दबदबा असलेला समीक्षक. नवा गोगोल जन्माला आलाय, असं नेक्रासॉव्हनं सांगितल्यावर त्यानं आधी थट्टा केली. तुमच्याकडे गोगोल पावसाळ्यातल्या छत्र्यांसारखे उगवतात, अशा अर्थाचं काहीतरी तो म्हणाला. पण वाचल्यावर तोही भारावला. एक गरीब, म्हातारा होत चाललेला कारकून आणि त्याच्या समोरच्या घरात राहणारी निराधार मुलगी यांचा तो पत्रव्यवहार होता. साहित्यानं समाजातल्या दुबळ्यांची बाजू घ्यावी, हा बेलिन्स्कीचा आग्रह. त्याला हवा होता तसा लेखक सापडला.

हा आनंद वर्षभरही टिकला नाही. १८४६च्या फेब्रुवारीत ‘द डबल’ आली. तिच्यातही एक कारकूनच आहे. पण त्याला हुबेहूब आपल्यासारखा दिसणारा, आपल्याच नावाचा दुसरा माणूस कचेरीत भेटतो आणि हळूहळू त्याची जागा बळकावतो. बेलिन्स्की अस्वस्थ झाला. लांबण फार लागली आहे, असं त्यानं लिहिलं. शिवाय असलं विभ्रमाचं चित्रण वेड्यांच्या इस्पितळात शोभेल, ते डॉक्टरांचं काम आहे, कवीचं नव्हे, असाही शेरा मारला. पुढच्या कथेला तर त्यानं सरळ वेडगळपणा ठरवलं. पहिल्याच समीक्षकाच्या लेखात दोन्ही आरोप हे असे एकत्र आले. ‘लांबण’ हा शैलीचा दोष. पण त्याच्या मुळाशी तक्रार होती ती ही, की हा लेखक गरिबाच्या परिस्थितीकडे बघायचं सोडून त्याच्या डोक्यात का शिरतो?

नंतर जे झालं ते कादंबरीतही खरं वाटलं नसतं. बेलिन्स्की १८४८ साली क्षयानं गेला. एप्रिल १८४९मध्ये पेत्राशेव्हस्की मंडळातल्या तरुणांबरोबर दोस्तोव्हस्कीला अटक झाली. त्याच्यावरच्या आरोपांमधला मुख्य आरोप कोणता? तर बेलिन्स्कीनं गोगोलला लिहिलेलं, सरकारनं बंदी घातलेलं पत्र त्यानं मित्रांच्या बैठकीत वाचून दाखवलं. ज्या समीक्षकाशी त्याचं बिनसलं होतं, त्याच्याच पत्रापायी त्याला देहान्ताची शिक्षा झाली. जुन्या रशियन पंचांगाप्रमाणे २२ डिसेंबर १८४९ला कैद्यांना चौकात उभं केलं गेलं. पहिल्या तिघांना खांबाला बांधलं. दोस्तोव्हस्की त्यांच्या पाठोपाठच्या तिघांत होता. बंदुका रोखल्या गेल्या आणि तेवढ्यात झारचा माफीचा हुकूम वाचून दाखवण्यात आला. सगळं नाटक आधीच ठरलेलं होतं. मग चार वर्षं ओम्स्कच्या तुरुंगात बेड्या घालून सक्तमजुरी आणि त्यानंतर सैन्यात साधा शिपाई. १८५९च्या अखेरीस तो पीटर्सबर्गला परतला तेव्हा अडतीस वर्षांचा होता आणि त्याचे विचार बदलू लागले होते. तुरुंगात त्याच्याजवळ राहिलेलं एकमेव पुस्तक होतं बायबलचा ‘नवा करार’.

परतल्यावर भेटलेले समीक्षक नव्या पिढीचे होते : तरुण, जहाल, साहित्याकडे समाजसुधारणेचं हत्यार म्हणून पाहणारे. त्यांच्यातल्या दोब्रोल्युबॉव्हनं १८६१ साली एक दीर्घ लेख लिहिला. या लेखकाची नवी कादंबरी कलात्मक समीक्षेच्या पात्रतेचीच नाही, असं त्यानं म्हटलं. पण पिचलेल्या माणसाला आपणही माणूस आहोत हे भान हा लेखक देतो, म्हणून त्याचं मोलही सांगितलं. म्हणजे शैली नापास, दृष्टी पास. त्याच वर्षी दोब्रोल्युबॉव्ह वारला, वय पंचवीस.

१८६६मध्ये ‘क्राइम अँड पनिशमेंट’ मासिकातून क्रमशः आली. रास्कोल्निकॉव्ह या विद्यार्थ्याचा सिद्धान्त असा, की असामान्य माणसाला मोठ्या कामासाठी कायदा ओलांडण्याचा हक्क असतो. या सिद्धान्तापोटी तो गहाणवटीचा धंदा करणाऱ्या म्हातारीला कुऱ्हाडीनं मारतो. पिसारेव्ह या जहाल समीक्षकानं १८६७ साली तिची चिकित्सा केली, ती मोठी वाचनीय आहे. लेखकाचे विचार काय आहेत याच्याशी मला कर्तव्य नाही, असं तो सुरुवातीलाच बजावतो. मग दाखवतो, की खून सिद्धान्तानं केला नाही, रिकाम्या खिशानं केला. उपाशी, कर्जबाजारी, थकलेला मुलगा. सिद्धान्त त्यानं नंतर चिकटवला. पिसारेव्हचं म्हणणं पूर्ण पटणारं नाही. पण गंमत पाहा : लेखकाला जे सिद्ध करायचं होतं, त्याच्या उलट निष्कर्षाला लागणारा सगळा पुरावा लेखकानंच पुरवून ठेवला होता. खोलीचं भाडं, गहाण ठेवलेलं घड्याळ, आईचं पत्र, बहिणीचं ठरलेलं लग्न, सगळं पैशाच्या हिशेबासकट. हा धागा लक्षात ठेवू या.

आता या ‘घाईच्या’ शैलीविषयी. तुर्गेनेव्ह आणि टॉलस्टॉय हे जमीनदार होते. दोस्तोव्हस्की पानांच्या हिशेबानं मिळणाऱ्या पैशांवर जगत होता. भावाच्या मृत्यूनंतर त्याच्या कर्जाचा बोजा यानं अंगावर घेतला होता आणि त्यात जुगाराचं व्यसन. स्टेलोव्हस्की नावाच्या प्रकाशकाशी त्यानं केलेला करार तर सावकारी खतासारखा होता : १ नोव्हेंबर १८६६पर्यंत नवी कादंबरी दिली नाही, तर नऊ वर्षं त्याचं सगळं लेखन प्रकाशकानं फुकट छापायचं. शेवटी अॅना स्नित्किना या वीस वर्षांच्या लघुलेखिकेला सांगून त्यानं ‘द गॅम्बलर’ सव्वीस दिवसांत लिहून घेतली. पुढच्या फेब्रुवारीत दोघांचं लग्न झालं.

मग घाईचा आरोप खरा मानायचा का? अर्धाच. विसाव्या शतकात त्याच्या वह्या छापून आल्या, तेव्हा वेगळंच चित्र दिसलं. ‘क्राइम अँड पनिशमेंट’ त्यानं आधी खुन्याच्या तोंडून, प्रथमपुरुषी लिहायला घेतली होती. बरंच लिहून झाल्यावर १८६५च्या नोव्हेंबरात त्यानं ते सगळं जाळलं आणि नव्यानं आरंभ केला. कर्जदार दाराशी उभे असताना लिहिलेलं जाळणारा माणूस निष्काळजी नसतो. वाक्यं त्याला घासूनपुसून घेता आली नसतील; पण कथा कुणाच्या नजरेनं सांगायची, कोणतं पात्र केव्हा बोलेल, याचा त्यानं कसून विचार केलेला दिसतो.

खरा भडका उडाला तो ‘डेमन्स’ या कादंबरीवरून. १८६९च्या नोव्हेंबरात मॉस्कोत इवानॉव्ह नावाच्या विद्यार्थ्याचा त्याच्याच गुप्त क्रांतिकारी गटानं खून केला. त्या गटाचा म्होरक्या होता नेचायेव्ह. ही घटना घेऊन दोस्तोव्हस्कीनं १८७१-७२मध्ये क्रांतिकारकांवर जी कादंबरी लिहिली, ती पुरोगाम्यांना सरळ सरळ बदनामी वाटली. मिखाइलोव्हस्की या समीक्षकानं तेव्हा विचारलं ते असं : मूठभर माथेफिरूंना तुम्ही सैतान ठरवता, पण बँका, भांडवल, राष्ट्राची संपत्ती वाढवण्याची हाव हे जे सैतान लोकांना गिळताहेत, ते तुम्हाला कसे दिसत नाहीत? प्रश्न बिनतोड होता.

याच मिखाइलोव्हस्कीनं लेखकाच्या मृत्यूनंतर वर्षभरानं, १८८२ साली, ‘क्रूर प्रतिभा’ नावाचा लेख लिहिला. मेंढराला फाडताना लांडग्याला काय वाटतं, हे या लेखकाइतकं बारकाईनं कुणीच रंगवलेलं नाही, असं त्याचं म्हणणं. हा माणूस पात्रांना छळतो, वाचकांना छळतो आणि त्याला ते आवडतं. तो लेख वाचून तुर्गेनेव्हनं एका मित्राला लिहिलेल्या पत्रात दोस्तोव्हस्कीची तुलना मार्की द सादशी केली. आणि इकडे, १८८१च्या फेब्रुवारीत, त्याच लेखकाच्या अंत्ययात्रेला हजारो माणसं लोटली होती. त्यांत विद्यार्थी होते, अधिकारी होते, साधू होते. जिवंतपणी ज्यांनी त्याला प्रतिगामी म्हटलं, त्यांची मुलंही होती.

पुढच्या पिढीनं पारडं उलटं फिरवलं. १८८६ साली वोग्यू या फ्रेंच लेखकानं रशियन कादंबरीवर पुस्तक लिहिलं आणि दोस्तोव्हस्की युरोपभर गेला. पण ‘ब्रदर्स कारामाझॉव्ह’पुढे या चाहत्याचाही धीर सुटला. रशियात मेरेझकोव्हस्कीसारख्या समीक्षकांना तो कादंबरीकार न वाटता द्रष्टा वाटू लागला. टॉलस्टॉय देहाचा द्रष्टा, दोस्तोव्हस्की आत्म्याचा, अशी त्याची मांडणी होती. म्हणजे आता दृष्टीला शंभर गुण आणि शैलीकडे काणाडोळा. स्वतः टॉलस्टॉय १९१० साली, आयुष्याच्या अखेरच्या आठवड्यांत, ‘ब्रदर्स कारामाझॉव्ह’ वाचत होता. संवाद अस्वाभाविक वाटतात, अशी कुरकुर त्यानं रोजनिशीत केली आहे. पण घर सोडून निघाल्यावर त्याच कादंबरीचा दुसरा भाग त्यानं मुलीकडे मागितला.

इंग्लंडमध्ये जोसेफ कॉनरॅडला हा लेखक अजिबात सोसवत नसे. हा केवळ अभिरुचीचा प्रश्न नव्हता. कॉनरॅड जन्मानं पोलिश. झारच्या राजवटीनं त्याच्या आईवडिलांना १८६२ साली हद्दपार केलं आणि त्यात दोघांची प्रकृती कायमची ढासळली. दोस्तोव्हस्कीच्या कादंबऱ्यांत पोलिश माणूस आला, की तो बहुधा लबाड किंवा हास्यास्पद असतो. समीक्षा वाचताना आपण हे विसरतो, की लिहिणाऱ्याच्या अंगावर कधीकधी जुनी जखम असते. जिथे दुखतं तिथे त्याला शैलीही टोचते.

गॉर्कीची गोष्ट आणखी विलक्षण. १९१३ साली मॉस्को आर्ट थिएटरनं ‘डेमन्स’वरचं नाटक रंगमंचावर आणायचं ठरवलं, तेव्हा गॉर्कीनं वर्तमानपत्रातून जाहीर निषेध केला. दोस्तोव्हस्की थोर आहे, हे त्याला मान्य होतं. पण हे आजारी, क्रूर जग मंचावर नेऊन समाजाला विष पाजू नका, असं त्याचं म्हणणं. मोठं वादळ उठलं. पुढे क्रांती झाली. १९१८ साली नव्या राजवटीनं मॉस्कोत दोस्तोव्हस्कीचा पुतळाही उभारला. पण स्टालिनच्या काळात वारं बदललं. १९३५ साली ‘डेमन्स’ची नवी आवृत्ती निघणार म्हटल्यावर ‘प्रावदा’तून तिच्यावर हल्ला झाला. तेव्हा तिच्या बाजूनं कोण उभं राहिलं? गॉर्की! शत्रूचं म्हणणं ठाऊक असलं पाहिजे, बंदी घातली की लोकांना त्याची गोडी वाढते, असा त्याचा मुद्दा होता. आवृत्ती तरीही वाचकांपर्यंत पोचली नाही. सोव्हिएत वाचकाला ही कादंबरी समग्र साहित्याच्या संचात मिळाली ती १९५७ साली. मतभेद असूनही पुस्तक छापा म्हणणारा बावीस वर्षांनंतरचा गॉर्की मला निषेध करणाऱ्या गॉर्कीपेक्षा मोठा वाटतो.

या सगळ्या वादाला खरी कलाटणी दिली ती एका अपंग, अप्रसिद्ध माणसानं. त्याचं नाव मिखाइल बाख्तिन. १९२९ साली त्याचं दोस्तोव्हस्कीवरचं पुस्तक निघालं, तेव्हा तो अटकेत होता. एका धार्मिक स्वरूपाच्या अभ्यासमंडळाशी संबंध ठेवल्याचा ठपका होता. सोलोव्हकीच्या छळछावणीत पाठवायचं ठरलं होतं. हाडांच्या दुखण्यामुळे शिक्षा सौम्य होऊन त्याला कझाकस्तानातल्या कुस्तानाय इथे हद्दपार केलं गेलं. मजा अशी, की त्याच वर्षी लुनाचार्स्की या बोल्शेव्हिक नेत्यानं या पुस्तकाचं मतभेद नोंदवून पण आदरानं परीक्षण केलं. १९३८ साली बाख्तिनचा पाय कापावा लागला. पुढे तो सारान्स्कसारख्या दूरच्या गावी शिकवत राहिला. हा माणूस हयात आहे याचा शोध काही तरुण अभ्यासकांना १९६०च्या सुमाराला लागला आणि त्यांच्या धडपडीमुळे १९६३ साली त्या पुस्तकाची सुधारलेली आवृत्ती निघाली. आज साहित्याच्या अभ्यासात ते टाळून पुढे जाता येत नाही.

बाख्तिनचं म्हणणं सोपं करून सांगतो. इतर कादंबऱ्यांत पात्रं पुष्कळ असली तरी शेवटचा शब्द लेखकाचा असतो. कुणाचं बरोबर, कुणाचं चूक, हे तो वरून ठरवतो. दोस्तोव्हस्कीच्या कादंबरीत असा वरचा आवाज नाही. प्रत्येक पात्र स्वतःचा विचार घेऊन पूर्ण ताकदीनं बोलतं. लेखक त्यांच्यातच उभा असतो. संगीतात अनेक स्वरावली एकाच वेळी स्वतंत्रपणे चालतात, त्याला युरोपात ‘पॉलिफोनी’ म्हणतात. बाख्तिननं तोच शब्द वापरला. आता शैलीवरचे जुने आरोप पुन्हा पाहा. पात्रं सतत बोलतात, एकमेकांना तोडतात, स्वतःशीच वाद घालतात, वाक्य अर्धवट सोडतात. हे सगळं खरंच आहे. पण माणूस दुसऱ्याच्या मनातल्या उत्तराला घाबरत बोलत असेल, तर तो असंच बोलणार. सुबक, तोललेलं वाक्य लिहायला सगळ्यांच्या वर बसलेला, निश्चिंत लेखक लागतो. ती जागा यानं रिकामी ठेवली.

याचा सगळ्यात मोठा पुरावा ‘ब्रदर्स कारामाझॉव्ह’मध्ये आहे. लेखक स्वतः श्रद्धाळू ख्रिश्चन. आणि नास्तिक इवानच्या तोंडी त्यानं काय घातलं? लहान मुलांच्या छळाच्या एकामागून एक हकिकती. एका जमीनदार सेनापतीनं भूदासाच्या पोराला आईसमोर कुत्र्यांकडून फाडून मारलं, ही त्यांतलीच एक. अशा मुलाच्या अश्रूंवर उभा राहणारा स्वर्ग मला नको, हा इवानचा निष्कर्ष. देवाविरुद्ध इतकं जबरदस्त आरोपपत्र नास्तिकांनीही क्वचित लिहिलं असेल. त्याला उत्तर म्हणून लेखकानं पुढे साधू झोसिमाचा भाग लिहिला. पण ते उत्तर पुरेसं ठरेल का, या शंकेनं आपण धास्तावलो आहोत, असं त्यानं १८७९ साली झारच्या दरबारातल्या पोबेदोनोस्त्सेव्हला लिहिलेल्या पत्रात कबूल केलं आहे. स्वतःच्या श्रद्धेविरुद्धचा पुरावा इतक्या प्रामाणिकपणे मांडायचा, की आपलीच बाजू पडेल की काय अशी भीती वाटावी! पिसारेव्हला रिकाम्या खिशाचा पुरावा मिळाला तो याच सवयीमुळे.

तुम्ही म्हणाल, मग मिटला की वाद. नाही. बाख्तिनचं म्हणणं कादंबऱ्यांना लागू पडतं. पण दोस्तोव्हस्कीनं ‘लेखकाची रोजनिशी’ या नावाचं नियतकालिकही चालवलं. त्यात पात्रं नाहीत, तो एकटाच बोलतो. आणि तिथलं बोलणं वाचताना मान खाली जाते. कॉन्स्टँटिनोपल आज ना उद्या रशियाचं झालंच पाहिजे, हे तिथे आहे. १८७७ साली कोव्हनर नावाच्या एका ज्यू पत्रकारानं त्याला तुरुंगातून पत्र लिहिलं. बँकेतल्या अफरातफरीबद्दल तो शिक्षा भोगत होता. दोस्तोव्हस्कीचं लेखन तो मन लावून वाचत असे. त्यानं विचारलं ते एवढंच : दलित-पीडितांचा कैवार घेणारे तुम्ही, ज्यूंचा असा द्वेष का करता? दोस्तोव्हस्कीनं त्याला खासगी पत्र सभ्यपणे लिहिलं. पण मार्चच्या अंकात जे छापलं त्यात, मी ज्यूंचा शत्रू नाही असं म्हणत म्हणत, ज्यूंवरचे तेच जुने आरोप पुन्हा उगाळले. शेवटी समेटाची भाषाही आहे. पण ती आधीच्या विषावर उतारा ठरत नाही. इवानला देवाविरुद्ध बोलायला एवढी जागा देणाऱ्या माणसाला समोर उभ्या राहिलेल्या खऱ्या माणसाचं ऐकू आलं नाही.

म्हणूनच वाद पेटत राहतो. नाबोकॉव्ह अमेरिकेतल्या वर्गात विद्यार्थ्यांना सांगायचा, की हा दुय्यम दर्जाचा, भडक लेखक आहे. खुनी आणि वेश्या यांना मेणबत्तीच्या उजेडात बायबल वाचायला बसवणं हा त्याला अभिरुचीचा अपराध वाटे. मिलान कुंदेराची कथा वेगळी. १९६८ साली सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले आणि त्याची उपजीविका गेली. एका दिग्दर्शकानं मदत म्हणून ‘द इडियट’चं नाट्यरूपांतर करायला सुचवलं. कुंदेरानं पुस्तक पुन्हा वाचलं आणि उपाशी राहीन पण हे करणार नाही, असं ठरवलं. भावनेलाच सत्य मानणारं ते जग आणि ‘आम्ही तुमच्यावर प्रेम करतो’ म्हणत देश ताब्यात घेणारे सैनिक, यांचं नातं त्याला दिसलं. १९८५ साली त्यानं हे ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये लिहिलं. त्याला त्याच वर्तमानपत्रातून उत्तर दिलं जोसेफ ब्रॉडस्कीनं. रणगाड्यांमागचं तत्त्वज्ञान दोस्तोव्हस्कीचं नव्हे, ते पश्चिमेकडून जर्मन भाषेतून आलं, असं त्याचं म्हणणं. दोघंही सोव्हिएत सत्तेनं देशोधडीला लावलेले. ब्रॉडस्कीला तर १९६४ साली ‘ऐतखाऊ’ ठरवून शिक्षा झाली होती. एकाच सत्तेचे बळी, आणि एकाच कादंबरीकाराबद्दल दोन टोकांची मतं.

२०२२च्या मार्चमध्ये, युक्रेनवर रशियानं हल्ला केल्यानंतर काही दिवसांतच, मिलानमधल्या एका विद्यापीठानं पावलो नोरी या इटालियन लेखकाची दोस्तोव्हस्कीवरची व्याख्यानं पुढे ढकलायचं ठरवलं. वाद नको, हे कारण. त्यावर एवढी टीका झाली, की विद्यापीठाला निर्णय मागे घ्यावा लागला. शासनाविरुद्धचं पत्र वाचल्याबद्दल बंदुकीसमोर उभ्या केलेल्या लेखकावर बोलायला बंदी, हे नोरीला हास्यास्पद वाटलं. पण ज्यांची घरं त्या हल्ल्यात पडली, त्यांना ‘रोजनिशी’तला कॉन्स्टँटिनोपल मागणारा लेखक आठवला, तर त्यांना काय सांगणार? त्यांचं आठवणंही खोटं नाही.

माझ्यापुरतं मी हे असं ठरवलं आहे. ‘लेखक वेगळा, लेखन वेगळं’ हा सोयीचा तोडगा इथे चालत नाही, कारण ‘रोजनिशी’ आणि ‘कारामाझॉव्ह’ एकाच हातानं जवळजवळ एकाच काळात लिहिली. आणि विचार वाईट म्हणून कादंबरी टाकायची, तर त्या विचारांविरुद्धचा सर्वांत जोरकस युक्तिवाद आपण टाकून देतो, कारण तो तिच्यातच आहे. मिखाइलोव्हस्कीची टीका वाचल्यावर मला ‘डेमन्स’ अधिक नीट कळली. कोव्हनरचं पत्र ठाऊक झाल्यावर त्या लेखकाविषयीचा भाबडेपणा गेला. कादंबरीच्या शेजारी तिच्या टीकाकारांनाही बसवून वाचावं. इवानचं प्रकरण तुम्ही वाचाल तेव्हा लगेच पुढचं पान उलटू नका. त्याला काय उत्तर देता येईल, याचा थोडा वेळ स्वतःच विचार करा. लेखकालाही ते उत्तर देताना घाम फुटला होता.